गालीना पेत्रोव्ना कुणाला कापत नाहीत

मी एका माणसाच्या चेहऱ्यावर गुलाबाचं फूल ठेवलं आणि ते काम दुसऱ्याच्या नावावर खपवलं. हे आधीच सांगून टाकतो. नाहीतर पुढे गालीनाबाईंच्या गमती सांगता सांगता मी माझा मलाच बरा माणूस वाटायला लागेन, आणि तुम्हालाही वाटेन. तसा मी नाही. निदान त्या वर्षी तरी नव्हतो.

गालीना पेत्रोव्ना शारजात आमच्या व्हिडिओ स्टुडिओत लग्नाच्या कॅसेटी एडिट करायच्या. वय साठीच्या पुढे, अंगाने भरलेल्या, केस मेंदी लावून तांबडे केलेले. रोज सकाळी साडेआठला दार ढकलून आत आल्या की खणखणीत आवाजात म्हणायच्या, "माँ, मैं आ गया." आत त्यांची आई नसायची. चहाचा कप हातात घेऊन मी उभा असायचो. पहिल्या दिवशी मी दचकलो. महिन्याभरात "आओ बेटा" म्हणायला लागलो. बाई माझ्यापेक्षा वीस वर्षांनी मोठ्या होत्या.

हे हिंदी कुठून आलं, तर मॉस्कोहून. बाईंनी तिथल्या एका मोठ्या सिनेमा स्टुडिओत जवळजवळ चाळीस वर्षं संकलनाचं काम केलं होतं. आपले हिंदी सिनेमे तिकडे जोरात चालायचे, पण तीन-तीन तास बसायला तिथल्या माणसांना वेळ नसे. मग ते सिनेमे कापून दीड-दोन तासांचे करायचं काम मधूनमधून बाईंकडे यायचं. एकेक संवाद मागेपुढे फिरवून शंभर वेळा ऐकायचा, तेव्हा कुठे त्याला कात्री लागायची. त्यामुळे हिंदी संवाद त्यांना ढिगाने पाठ, आणि संवादांच्या मधली हिंदी अजिबात नाही. बाईंना हिंदीत मीठ मागता येत नव्हतं, पण मुलाला घराबाहेर काढता येत होतं. मशीनमध्ये टेप अडकली की म्हणायच्या, "ये शादी नहीं हो सकती." मशीन दुरुस्त करायला कुट्टी नावाचा मल्याळी मेकॅनिक यायचा, त्याचा हात धरून म्हणायच्या, "डॉक्टर साहब, इसे बचा लीजिए." कुट्टी दर वेळी गंभीरपणे म्हणायचा, "कोशिश करता हूँ." बाकीचं बोलणं इंग्रजीत. त्यांचं इंग्रजी मोडकं आणि माझं वाकडं, त्यामुळे आमचं छान जमायचं.

आल्या आल्या त्यांनी माझ्या वडिलांचं नाव विचारलं होतं. वसंत, म्हटलं. त्या दिवसापासून मी दिलीप वसंतोविच झालो. त्यांच्याकडे माणसाला मान द्यायचा तर बापाचं नाव जोडून हाक मारतात. आपल्याकडेही मधलं नाव बापाचंच असतं, पण ते रेशनकार्डावर आणि लग्नपत्रिकेत. रोज सकाळी कोणीतरी माझ्या वडिलांचं नाव घेतंय हे मला आवडायचं. त्यांचे वडील प्योत्र, म्हणून त्या पेत्रोव्ना. मीही तसंच म्हणायचो.

त्या इथे आल्या त्या मात्र सिनेमाचं काही मनात धरून नव्हे. नव्वदच्या पुढे तिकडे सगळं कोसळलं. स्टुडिओत पगार थांबले. त्या काळात तिकडच्या बायका शारजात यायच्या, पिशव्या भरभरून कपडे आणि टेपरेकॉर्डर न्यायच्या आणि तिकडे विकायच्या. बाई एका शेजारणीबरोबर आल्या. धंद्यात अगदीच ढ. जॅकेट घ्यायचं तर शिवण उलटीसुलटी करून अर्धा तास बघायच्या आणि न घेता परत यायच्या. एक दिवस आमच्या दुकानात व्हीसीआरची किंमत विचारायला शिरल्या. मी एक निकाह एडिट करत बसलो होतो. माझ्या खांद्यावरून थोडा वेळ बघितलं आणि म्हणाल्या, "उशीर केलास. मुलीने श्वास घेतला तेव्हाच कापायचं होतं." मी टेप मागे नेली. मुलगी खरंच श्वास घेत होती. आमचा अरबाब, म्हणजे मालक, अबू समीर, काउंटरवर बसून हे बघत होता. त्याने तिथेच नोकरी दिली. व्हिसावर हुद्दा टाकला टायपिस्ट. बाईंना एका बोटानेही टाइप करता येत नव्हतं, आणि या गोष्टीची त्यांना कायम धास्ती. सरकारी माणूस दारात दिसला की त्या टेबलावरचा कॅल्क्युलेटर पुढे ओढून त्यावर दहा बोटं चालवायच्या.

बाई पांढरे सुती हातमोजे घालून काम करायच्या. तिकडे फिल्मला हात लागायचा, डाग पडायचा, म्हणून ती सवय. आमच्याकडे सगळं प्लास्टिकच्या कॅसेटमध्ये बंद, हात लावायला काहीच नाही. मी हे एकदा सांगितलं. त्या म्हणाल्या, फिल्मसाठी नाही घालत, लग्न आहे म्हणून घालते. टेबलाच्या वर त्यांनी कपडे वाळत घालायची दोरी बांधली होती. प्रत्येक दृश्याची एक चिठ्ठी, तिला चिमटा. नवरी, हार, रडणारी आत्या, जेवणाची पंगत, सगळे दोरीवर. ते पुढेमागे हलवत बाई तासन्‌तास उभ्या राहायच्या. एसीच्या वाऱ्याने चिठ्ठ्या उडायच्या म्हणून एसी बंद. शारजात, जुलैमध्ये. मी टॉवेल घेऊन बसायचो.

त्यांचं लग्न पाच तासांच्या आत संपत नसे. गिऱ्हाईक म्हणायचं, मॅडम, तीन तासांत बसवा. बाई मान हलवायच्या आणि म्हणायच्या, "सब रहेगा." ही एकच हिंदी ओळ त्यांनी स्वतः तयार केलेली. कोपऱ्यात बसून नुसता भात खाणारा कोणी असेना, तो राहणार. स्वयंपाक्याचा मदतनीस चुकून कॅमेऱ्यात डोकावून पळाला, तोही राहणार. अबू समीरने हात जोडले, मी जोडले. सब रहेगा. शेवटी आम्ही पाटीवरच लिहिलं की आमच्याकडे लग्नाच्या दोन कॅसेटी मिळतात. धंदा वाढला. लोकांना आपले सगळे पाहुणे बघायला आवडतात असं निघालं.

आणि त्या सगळ्या पाहुण्यांना बाई ओळखायच्या. रोला बाजारात भाजी घेताना मध्येच थांबायच्या आणि एखाद्या अनोळखी गृहस्थाला विचारायच्या, गुडघा कसा आहे. तो गृहस्थ घाबरायचा. लग्नात तो जिना चढताना गुडघा धरून थांबला होता, ते बाईंनी चाळीस वेळा बघितलेलं. त्यांना शहरभर माणसं ओळखीची, आणि त्यातल्या एकालाही बाई माहीत नाहीत.

आता नाईकसाहेबांचं.

नाईकसाहेब शिपिंग कंपनीत मोठ्या हुद्द्यावर, आमच्या मराठी मंडळींतले वजनदार. माझ्या मुलाला इथल्या इंडियन शाळेत जागा मिळत नव्हती, ती त्यांनी एका फोनवर मिळवून दिली होती. हे उपकार ते कधी बोलून दाखवत नसत, त्यामुळे ते जास्त जड व्हायचे. त्यांच्या मुलीचं लग्न इथेच हॉल घेऊन झालं. वरपक्ष पुण्याचा. ऐन वेळी मुलीच्या सख्ख्या मामाचा व्हिसा आला नाही. आता मुलीला बोहल्यावर आणायला मामा तर हवा. नाईकवहिनी म्हणाल्या, माझ्या गावचा तुकाराम परब आहे ना इथे, गावचा म्हणजे माझा भाऊच. गल्फमध्ये असं चालतं. कोणी कोणाचा काका होतो, कोणी मामा. व्हिसा मिळालेला माणूस हाच जवळचा नातेवाईक.

परब सेंटरिंगचा सुतार. तीनशे माणसांच्या कॅम्पात, सोनापूरला राहणारा. अधिकृत नाव मुहैस्नाह, पण तिथे राहणारं कोणी ते म्हणत नाही. त्याने कोणाचातरी कोट मागून आणला. बाह्या बोटांपर्यंत येत होत्या. मुलीच्या दंडाला हलकेच हात लावून तो आठ पावलं चालला. डोक्यावर भरलेली कळशी असावी तसा. आंतरपाटाच्या वेळी मुलीच्या मागे उभा राहिला तो मंगलाष्टकं संपेपर्यंत पापणी न हलवता. बाईंनी ती आठही पावलं ठेवली. चिठ्ठीवर रशियनमध्ये काही लिहिलं. विचारलं तर म्हणाल्या, "हीरो."

कॅसेट पुण्याला जायच्या आधी नाईकसाहेब स्टुडिओत आले. वहिनींनी मामा इंजिनिअर आहे असं सांगून ठेवलं होतं, आणि व्याह्यांच्या कोणा ओळखीच्याने खरं काय ते कळवलं होतं. आता सख्खा मामा पुण्याला जाऊन सगळं निस्तरणार होता, आणि त्यानंतर कॅसेटमध्ये दुसरा मामा दिसून चालणार नव्हतं. नाईकसाहेब मला बाजूला घेऊन म्हणाले, "दिलीप, तो परब कॅसेटमध्ये नको. एवढं कर."

मी बाईंना सांगितलं. त्यांनी हातमोजे काढून मांडीवर ठेवले. मला वाटलं सब रहेगा म्हणतील. त्या बोलायला लागल्या.

सतराव्या वर्षी स्टुडिओत लागले, म्हणाल्या. काम काय, तर ब्रशने डिंकासारखं सोल्युशन लावून फिल्मचे तुकडे जोडायचे. लांबलचक पॅसेज, दोन्ही बाजूंना खोल्या, प्रत्येक खोलीत पांढऱ्या कोटातल्या बायका. सिनेमा बनवणारे पुरुष, कापणाऱ्या बायका. दिग्दर्शक यायचे, खुर्चीत बसून रडायचे. अर्धं काम कापायचं, अर्धं समजूत घालायचं. मग सिनेमा समितीपुढे जायचा. पाच पुरुष लिंबू घातलेला चहा पीत बसायचे आणि यादी द्यायचे. चर्चचा घुमट काढा. म्हातारी फार वेळ गप्प बसलीय, तिला लवकर उठवा. दारुड्याला कमी प्यायला लावा. बाईंनी त्या दारुड्याचे तीन घोट कापले, समिती खूश झाली.

एकदा यादीत माणूस आला. नाटकाच्या दौऱ्यावर परदेशी गेलेला एक नट परत आलाच नाही. त्याचा नदीवरच्या नावाड्यांचा एक सिनेमा तयार होता. अकरा प्रसंगांत तो. एका आठवड्यात तो त्यातून नाहीसा व्हायला हवा. बाईंनी केला. त्याचं बोलणं चालू असताना ऐकणाऱ्याचा चेहरा दाखवला, त्याच्या वाटचं वाक्य भावाच्या तोंडी घातलं. कोणाला पत्ता लागला नाही. बाईंना प्रमाणपत्र मिळालं आणि समुद्रकाठच्या विश्रांतिगृहात चोवीस दिवस.

"मग त्याची आई आली," बाई म्हणाल्या. "लांबच्या गावाहून, मुरंब्याची बरणी घेऊन. तिने तीनदा तिकीट काढलं होतं. मला म्हणाली, पोरी, मी म्हातारी झाले, मला थिएटरात डुलकी लागते. दर वेळी तो येतो तेव्हाच माझा डोळा लागतो. तो कितव्या मिनिटाला येतो तेवढं सांग, मी जागी राहीन."

मी विचारलं, तुम्ही काय सांगितलंत.

"बेचाळिसाव्या, म्हटलं."

म्हणजे ती बाई परत गेली आणि चौथ्यांदा बसली. गालीनाबाईंनी हातमोजे पुन्हा चढवले. मी कुणाला कापत नाही, वसंतोविच, असं म्हणून त्या दोरीकडे वळल्या.

हे सगळं ऐकून, समजून, मी पुढच्या शुक्रवारी सकाळी बंद स्टुडिओ उघडला आणि परबला काढलं.

तेही नीट जमलं नाही. आठ पावलं गाळली, ते सोपं होतं. नवरी खोलीतून निघते आणि एकदम बोहल्यावरच उगवते. पण आंतरपाटाला तो तिच्या मागे उभा, तो कापला तर नवरीही जाते, मंगलाष्टकंही जातात. आमच्या व्हिडिओ मिक्सरमध्ये, म्हणजे चित्रावर चित्र चढवायच्या यंत्रात, तेव्हा फुलं, बदाम, कबुतरं असं काय काय असायचं. गिऱ्हाइकांना ते फार आवडायचं, बाई त्याला हात लावत नसत. मी परबच्या चेहऱ्यावर गुलाब ठेवला. कोबीएवढा गुलाब, हळूहळू गोल फिरणारा. गळ्याखाली मागून आणलेला कोट तसाच. एकूण सात ठिकाणी गुलाब, आणि एका ठिकाणी तो हात वर करून अक्षता टाकत होता तिथे बदाम. मग बाईंनी केलेल्या मूळ कॅसेटवर आणि कच्च्या टेपांवर मी दुसऱ्या लग्नाचं शूटिंग घेऊ दिलं. टेपा पुन्हा वापरायची आमच्याकडे पद्धतच होती. पण त्या आठवड्यात घाई मी केली, ती पद्धत म्हणून नव्हे.

परबने स्वतःसाठी एक कॉपी सांगितली होती. तो ती घेऊन गेला, न बघता, कारण कॅम्पात व्हीसीआर नव्हता. कुडाळकडे जाणाऱ्या एका माणसाबरोबर गावी पाठवली. महिन्याने तो आला. बाई जेवायला गेल्या होत्या. काउंटरवर दोन्ही हात ठेवून म्हणाला, वाडीतले सगळे जमले होते, टीव्ही अंगणात काढला होता. चार वर्षांत मला कोणी बघितलेलं नाही.

"आणि मी खंय? जंय जंय मी, थंय थंय फूल. खांदे वळाखले बायलेन, म्हणून कळला तरी. आवस रडाक लागली. म्हणता, झिलाच्या तोंडार फूल कित्याक? तेका काय झाला? तेव्हाच फोन करूक धावली."

मेलेल्या माणसाच्या फोटोला आपण फूल वाहतो, हे त्याच्या आईला लगेच दिसलं; फूल ठेवताना माझ्या डोक्यात ते आलंच नव्हतं.

परबने शांतपणे विचारलं, हे कोणी केलं. मागच्या भिंतीवर नाईकसाहेबांच्या शिपिंग कंपनीचं कॅलेंडर होतं. मी म्हटलं, "आमच्या रशियन मॅडम. त्यांची ती पद्धत आहे."

तो दाराकडे वळला. मग म्हणाला, "माझो काय राग त्यांका?" आणि गेला.

पुढच्या शनिवारी बाई कामावर आल्या त्या न बोलता. "माँ" नाही, काही नाही. आदल्या दिवशी, शुक्रवारच्या सुट्टीत, बाजारात त्यांना परब दिसला होता. जन्माची ओळख असल्यासारख्या त्या त्याच्याकडे धावल्या, हीरो, हीरो करत. परबने तोंड फिरवलं. इंग्रजी येणाऱ्या कोणीतरी मध्ये पडून सांगितलं, हा म्हणतोय तुम्ही याला लग्नातून कापून टाकलंत. फुलाचं काही तिथे निघालं नाही. निघालं असतं तर बाईंना तिथल्या तिथे कळलं असतं की हे आपलं काम नव्हे.

त्यांनी मला विचारलं, वसंतोविच, मी आठ पावलं ठेवली होती ना? तू बघितलीस ना?

मी म्हटलं, आठवत नाही.

त्या मूळ कॅसेट शोधायला गेल्या. ती नव्हतीच. तेव्हापासून बाईंनी स्वतःच्या हातांवर संशय घ्यायला सुरुवात केली. मला म्हणाल्या, डोकं एक ठरवतं, पण हातांना चाळीस वर्षांची सवय आहे. कापायला सांगितलं की ते कापतात. तू मला सांगितलं होतंस काढायला. मी नाही म्हटलं, पण हातांनी ऐकलं असेल.

मग त्या जुनी लग्नं तपासायला लागल्या. ज्यांच्या कच्च्या टेपा शिल्लक होत्या त्या लावायच्या, कागदावर माणसं मोजायची, मग तयार कॅसेटमधली माणसं मोजायची. आकडे जुळत. तरी विश्वास बसत नसे. एका पंजाबी लग्नात एक माणूस कमी भरला तेव्हा त्यांनी टेप पुन्हा पहिल्यापासून लावली. अर्ध्या तासाने सापडला. तो टेबलाखाली चप्पल शोधत होता. मी हसलो. त्या हसल्या नाहीत. आठवड्याने त्यांनी अबू समीरला सांगितलं की मला एडिटिंग नको, नुसत्या कॉप्या काढायचं काम द्या. हातमोजे ड्रॉवरमध्ये गेले. एसी सुरू झाला. अबू समीर मला म्हणाला, हिला डॉक्टरकडे ने, आणि बरी होत नसेल तर खलास, मी व्हिसा किती दिवस चालवू.

मी काय करत होतो? मी घाबरत होतो. खरं सांगितलं तर गिऱ्हाइकाची मूळ कॅसेट पुसली म्हणून नोकरी जाईल, नोकरीबरोबर व्हिसा, व्हिसाबरोबर घर आणि मुलाची शाळा. नाही सांगितलं तर बाईंचा व्हिसा. दोन व्हिसे मी दिवसभर मनात तोलायचो आणि दर वेळी माझाच जड भरायचा. जेवताना मुलगा काही सांगत असायचा आणि मध्येच म्हणायचा, "बाबा, यू आर नॉट लिसनिंग." एक 'गुलाब' शब्द उच्चारला असता तर बाई सुटल्या असत्या. रोज सकाळी तो शब्द घेऊन मी स्टुडिओत जायचो आणि संध्याकाळी घेऊन परत यायचो.

असे पाच आठवडे गेले. मग एका शुक्रवारी संध्याकाळी, गिऱ्हाइकांसाठी मी एकटाच काउंटर उघडून बसलो असताना, परब आला. या वेळी त्याने काउंटरवर हात ठेवले नाहीत. खुर्चीत बसला आणि पाणी मागितलं.

म्हणाला, तुमची मॅडम आमच्या कॅम्पात आली होती. आज दुपारी.

बाई बसने सोनापूरला गेल्या होत्या. तो सोनापूरला राहतो एवढं बाजारात कळलं होतं; नाव माहीत नव्हतं, फक्त चेहरा माहीत. एवढ्या हजारो माणसांत, सुट्टीच्या दिवशी, ही तांबड्या केसांची म्हातारी बाई किराणा दुकानापाशी उभी राहिली आणि येणाऱ्याजाणाऱ्याला करून दाखवायला लागली. एक हात पुढे, कोणाच्या तरी दंडाला लावल्यासारखा, आणि आठ पावलं. परत मागे यायचं, परत आठ पावलं. गर्दी जमली. कोणाला वाटलं बाई वाट चुकली, कोणाला वाटलं वेडी. एक बिहारी पोरगा म्हणाला, अरे, हा तर परब झाला होता तो मामा. त्या लग्नाहून परत आल्यावर परबने कॅम्पातल्या प्रत्येक खोलीत तसं चालून दाखवलं होतं म्हणे.

"माका बोलावन हाडल्यानी," परब म्हणाला. "माका बघून तिना हात जोडल्यान. आणि असा हिंदी बोलली, साहेब, सिनेमातल्या हिरोइनीसारखा. 'मैं तुम्हारी गुनहगार हूँ, मुझे जो चाहे सज़ा दो.' दोनशे माणसांसमोर. पायांका हात लावूक खाली वाकली. मी धरलंय. माझ्या आवशीच्या वयाची बाई ती." त्याने पाणी संपवलं. "तुमी तिका सांगा, माझो राग नाय. माका भाषा येणा नाय. म्हणून आलंय."

मी स्टुडिओ बंद केला. परबला म्हटलं, गाडीत बसा.

गाडीत मी त्याला काहीच सांगितलं नाही. एकदा सांगितलं असतं तर बाईंपुढे सांगायला माझ्याकडे काही उरलं नसतं, अशी मला भीती होती. तो खिडकीतून बघत होता. मी मनात वाक्य जुळवत होतो.

बाई एका जुन्या इमारतीत एक खोली घेऊन राहायच्या. पाच वर्षांत मी तिथे कधी गेलो नव्हतो, आणि त्यांनी दर महिन्याला बोलावलं होतं. दार उघडलं. परबला माझ्याबरोबर बघून त्यांचा चेहरा उतरला. मला वाटलं आता बोललो नाही तर संपलं. मी उंबऱ्यावरूनच सुरुवात केली. बाईंनी माझ्या तोंडावर हात ठेवला. उंबऱ्यावर उभं राहून बोलायचं नाही, अपशकुन होतो. आधी आत या. परबने मान डोलावली, त्याच्याकडेही तसंच.

आत भिंतीपाशी पाहुण्यांसाठी कापडी सपाता ओळीने मांडलेल्या. पाच जोड. एकाचंही किमतीचं लेबल निघालेलं नव्हतं. बाईंनी खाली बसून दोन जोडांची लेबलं कात्रीने कापली आणि आमच्या पुढे सरकवल्या. परबला लहान होत होती, टाच बाहेर राहिली, पण त्याने घातली. मग चहा. मग चहाबरोबर मुरंबा, छोट्या बशीत, चमच्याने खायचा. मी एकदा तोंड उघडलं, त्यांनी बशी पुढे केली. दुसऱ्यांदा उघडलं, त्यांनी साखर विचारली. त्यांना वाटत होतं मी त्यांचा व्हिसा संपल्याचं सांगायला आलोय, आणि तो क्षण त्या पुढे ढकलत होत्या. हे मला त्यांच्या हातांवरून कळलं, ते क्षणभर रिकामे राहत नव्हते.

मी कप खाली ठेवला आणि उभा राहिलो. सगळं दोनदा सांगावं लागलं, आधी बाईंना इंग्रजीत, मग परबला मराठीत. इंग्रजीत मी तीनदा अडखळलो. गुलाबाला आणि बदामाला त्यांच्यासाठी हवेत बोटाने आकार काढून दाखवावा लागला. त्या माझ्या बोटाकडे बघत राहिल्या. नाईकसाहेबांचं नाव मी घेतलं, पण त्यांच्यामागे लपलो नाही. शाळेची गोष्ट सांगितलीच नाही, कारण ती सांगितली असती तर त्यांनी मला लगेच माफ केलं असतं.

शेवटचं बोलणं मात्र दोघांसाठी एकच होतं, आणि ते माझ्या तोंडून मराठीतच निघालं.

"गालीना पेत्रोव्ना, तुमच्या हातांनी काही केलेलं नाही. परबांना मी काढलं, नाव तुमचं सांगितलं, आणि तुम्ही विचारलंत तेव्हा आठवत नाही म्हणालो. मला सगळं आठवत होतं. आठ पावलं होती. माझं चुकलं, मला माफ करा. परब, तुम्हीही."